नवे दात, जुना सॅक्सोफोन

काय सांगू तुम्हाला, आमचं मूळ गाव साताऱ्याकडं, पन मी जन्मले विक्रोळीला, चाळीत, आनि अंगाईच्या आधी सॅक्सोफोनच ऐकला असंल. आमचे आण्णा, म्हंजे वडील, कारखान्यात पाळ्या करायचे नि लग्नसराईत ब्यांडमध्ये वाजवायचे. जयंतीच्या मिरवनुकीला तर त्यांच्याशिवाय ब्यांड हलायचा नाय. दोन्ही भावांना शिकवायला बसवलं, ते पळाले क्रिकेटला, मी बसले. बाया आईला म्हनायच्या, पोरीचे गाल फुगतील, कोन करील हिला? आई म्हनायची, फुगू देत, माझी पोर हाय.

मग आण्णांच्या ओळखीचे डॉमनिक अंकल, कुर्ल्याचे, पियानोवाले, हॉटेलात जॅझचा ब्यांड होता त्यांचा. मला ऐकलं नि म्हनाले, सुजाता, तू वाजवते झकास, पन सगळी जागा भरून टाकते, गानारा श्वास कुठं घेनार? त्यांच्याच ब्यांडमध्ये बसले, तिथून शिकले मी. गानारा पुढं, आपन बाजूला. त्याची ओळ संपली की तेवढ्यात आपलं बोलायचं नि गप व्हायचं. गप होनं लय अवघड, खरं सांगते.

वर्षं गेली अशी, नि एकदा घाटकोपरला रिक्षा उलटली. पुढचे दोन दात गेले, वरचे. आता सॅक्सोफोन त्या दातांवरच टेकतो ना! डॉक्टरनं नवे बसवले, मी फुंकलं, तर नुसती हवा. रडले हो मी. ब्यांडमधले अंकलना म्हनाले, दुसरा वाजवनारा घेऊ, किती थांबायचं? अंकल म्हनाले, ती खुर्ची तिची हाय, रिकामी राहू दे. आनि खरंच, स्टेजवर रिकामी ठेवायचे!

चाळीतले वैतागतील म्हनून मी खाडीकडं जायची, एकच सूर धरून बसायची. माझे मिस्टर, मिलिंद, स्कूटरवर बसून शेंगा सोलायचे नि म्हनायचे, आज कमी फुसफुसला ना गं. सूर आला परत, पन जरा घोगरा, पहिल्यासारखा नाय.

त्यानंतरचा पहिला प्रोग्राम अंधेरीला. आण्णा पुढं बसलेले. एक संथ गानं होतं, त्यातली मधली, एकट्यानं वाजवायची जागा कायम अंकलची. त्या दिवशी त्यांनी पियानोवरचे दोन्ही हात उचलले नि माझ्याकडं बघितलं. मला आधी काय बोलले नव्हते, काय नाय. मी उठले, वाजवलं त्याच घोगऱ्या सुरात, शेवटपर्यंत. नंतर आण्णा म्हनाले, आजवर मी लोकांना सांगायचो, माझ्यावानी वाजवते. आता नाय सांगनार. हे तुझं हाय.

आता आण्णा नाहीत, अंकल नाहीत. गुडघे बोलतात, बसून वाजवते, पन बोलावनं येतंच. परवा मुलुंडला एक मोठी गायिका मधेच ओळ विसरली. मी हळूच तिची चाल धरली, तिला सापडलं, लोकांना कळलं पन नाय. टाळ्या तिला पडल्या, तिच्याच होत्या त्या. तिनं वळून नुसती मान हलवली, बास! पोस्टरवर नाव नाय आलं कधी, नको येऊ. सगळे गानारे सुखात राहू देत, मी हाय बाजूला.