पेन्सिलीतली अकरा वर्षं

वहिनी, आणि जमलेल्या सगळ्या मित्रांनो,

मला बोलायला लावू नका, असं मी दोनदा सांगितलं होतं. पण नाशिक रोडच्या या हॉलमध्ये आज एवढी माणसं आलीत. कोर्टाच्या तारखेला यातली चारसुद्धा दिसायची नाहीत. आता गप्प बसलो तर घरी गेल्यावर घास उतरायचा नाही.

दौलत अहिरे, आपले अण्णा. विद्यापीठाच्या आस्थापना विभागात माझ्या समोरचं टेबल त्यांचं. तुमच्यातल्या किती जणांची सेवापुस्तकं त्यांनी लिहिली? हात वर करू नका, मला माहीत आहे. अर्ध्या हॉलची. नेमणूक, बढती, रजा, सगळं त्या मोत्यासारख्या अक्षरात. तुमची पेन्शन सुरळीत येते ती त्या अक्षरावर. आणि अण्णांची? निवृत्त झाल्यावर विद्यापीठ म्हणालं, पहिल्या अकरा वर्षांची नोंदच नाही. पेन्शन कमी बसली, फरक अडकला, आणि सुरू झाल्या तारखांवर तारखा. गेल्या मंगळवारी पुढची तारीख होती. आदल्या दिवशी, सोमवारी अण्णा गेले.

नोंद का नव्हती? तेच सांगायला उभा आहे.

आपल्या ऑफिसची रीत तुम्हाला ठाऊक आहे. आपलं सेवापुस्तक आपण लिहायचं नाही, समोरच्या टेबलाने लिहायचं. आधी पेन्सिलीने, साहेबांनी बघितलं की मग शाईने. अण्णांचं पुस्तक माझ्याकडे होतं. अकरा वर्षं मी पेन्सिलीनेच लिहीत गेलो. शाईचं आज करू, उद्या करू. साहेब बदलले, मग माझीच बदली परीक्षा विभागात झाली. अण्णांनी माझं पुस्तक शाईने पुरं करून ठेवलं होतं. मी त्यांचं तसंच टाकून गेलो.

निवृत्तीनंतर ती पानं अण्णांच्या हातात आली तेव्हा मी शेजारीच होतो. नुसत्या पुसट रेघा राहिल्या होत्या. माझं अक्षर त्यांना ओळखू आलं नसेल? मी म्हटलं, अण्णा, मी कोर्टात सांगतो. नामपूरचा माणूस, माया आली की अहिराणीत बोलायचा. म्हणाले, "ऱ्हाऊ दे भाऊ. तुनी पेन्शन अडकाई देतीन त्या."

खरं सांगू? माझी पेन्शन वाचली म्हणून मला बरं वाटलं. लाज वाटायच्या आधी बरं वाटलं. मग सात वर्षं प्रत्येक तारखेला मी त्यांच्याबरोबर गेलो, पाण्याची बाटली घेऊन. लोक म्हणायचे, काय मैत्री आहे! कसली मैत्री हो?

समोरचे वकील विचारायचे, ही अकरा वर्षं तुम्ही होता कुठे? अण्णा म्हणायचे, तिथेच होतो, साहेब. माझं नाव त्यांनी कधी घेतलं नाही. मी मागच्या बाकावर बसून ऐकायचो.

आणि आता हे पत्र. थोड्या वेळापूर्वी विद्यापीठाचा शोकसंदेश वाचला, ऐकलात ना? श्री. अहिरे यांनी चौतीस वर्षे अखंड सेवा केली. चौतीस! कोर्टात तेवीस, आणि फोटोला हार घातल्यावर चौतीस. तेव्हा कुठे गेली होती ही अकरा वर्षं? की माणूस मेला की नोंद सापडते?

ते पत्र मी खिशात घातलंय. कुणी परत मागू नका. उद्या ते आपल्या वकीलबाईंकडे जाईल आणि सोबत माझं प्रतिज्ञापत्र. नोंदी मी केल्या होत्या, शाईने करायच्या मीच राहू दिल्या, असं लिहून देणार आहे. माझ्या पेन्शनचं व्हायचं ते होवो. वहिनी, हा दावा आता तुम्हाला चालवायचाय. माफ करा असं मी म्हणत नाही. तेवढं तोंड मला नाही. फक्त साक्षीदार म्हणून मला बोलवा.

चला, उभे राहूया. दोन मिनिटं कुणी काही बोलू नका. मी सात वर्षं बोललो नाही, तुम्हाला दोन मिनिटं जड जाणार नाहीत.

अण्णा, तुम्ही तिथेच होता. मी समोर बसलो होतो.