दुसरी सही

सन्माननीय अध्यक्ष, म्हणजे आमचे थोरले मालक, व्यासपीठावरचे पाहुणे, ज्यांच्या निरोपासाठी आज चालू मोसमात कारखाना दोन तास बंद ठेवलाय ते आमचे मोठे साहेब, पहिल्या रांगेतल्या वहिनी, आणि बाटल्या धुण्यापासून गोदामापर्यंतच्या माझ्या सगळ्या सोबत्यांनो,

कारखाना असा बंद ठेवायची वेळ याआधी फक्त बॉयलर बिघडल्यावर आली होती. तेव्हा साहेब, तुमचा मान किती मोठा आहे ते ओळखा.

माझ्या आधीच्या चार वक्त्यांनी मला बोलायला फारसं काही ठेवलेलं नाही. प्रयोगशाळेतला मदतनीस ते कंपनीचा प्रमुख हा छत्तीस वर्षांचा प्रवास सांगून झाला. तीन पेयांची एकोणीस पेयं झाली, हेही झालं. विक्रीच्या साहेबांनी तर दोनदा सांगितलं. मी चाखणखोलीतली बाई. मला आकडे सांगता येत नाहीत, चव सांगता येते. म्हणून मी साहेबांच्या नाकाबद्दल बोलणार आहे.

हसू नका. जुन्या मंडळींना आठवत असेल, साहेबांना सगळा कारखाना नाकसाहेब म्हणायचा. अर्थात पाठीमागे. टाकीचं झाकण उघडायच्या आत दारातूनच सांगायचे, "साखर जरा करपली का हो?" आणि करपलेली असायची! मी तेव्हा बाटल्या धुवायच्या ओळीत होते. एकदा धुतलेली बाटली हुंगून मी बाजूला ठेवली. मुकादम ओरडला, तेवढ्यात साहेब आले. त्यांनी ती बाटली हुंगली आणि म्हणाले, "हिच्यात कोणीतरी रॉकेल ठेवलं होतं. या बाईंना उद्यापासून माझ्याकडे पाठवा." मुकादमाचा चेहरा मी अजून विसरलेले नाही. बाटल्यांच्या ओळीतून चाखणखोलीत गेलेली मी पहिली बाई. तरी तिथे पोचायला मला सहा वर्षं लागली, कारण साहेबांनी आधी परीक्षा घेतल्या, वशिला नाही लावला.

आता नव्या मंडळींसाठी थोडं सांगते. कोणतंही पेय बाटलीत भरण्याआधी टाकीतला एक पेला चाखणखोलीत येतो. दोघांनी चाखायचं, दोघांनी चिठ्ठीवर सही करायची, मगच टाकीचा नळ उघडतो. वेळ अकराची. पहिली सही साहेबांची, दुसरी माझी. दोन सह्या कशासाठी? एकाचं चुकलं तर दुसऱ्याने पकडावं म्हणून. कागदावर फार सुंदर नियम आहे.

एकोणीस वर्षांपूर्वी साहेबांना ताप आला. पंधरा दिवसांनी कामावर आले. थोडे वाळले होते, बाकी ठणठणीत. फक्त एक बदल झाला. आधी पेला ठेवताक्षणी बोलून मोकळे होणारे साहेब आता माझ्या तोंडाकडे बघायचे. मी "छान" म्हटलं की तेही "छान". मी "आंबट जास्त" म्हटलं की "मलाही तेच वाटत होतं." मला वाटलं, साहेब माझ्या मताला मान देताहेत. मी घरी जाऊन नवऱ्याला सांगितलं. तो म्हणाला, "बघ हं, डोक्यावर बसशील त्यांच्या." आठ महिने मी हवेत होते.

मग मला सर्दी झाली.

साधी नव्हे, डोकं जड करणारी. रजा घ्यायला हवी होती. पण चाखणखोलीत येऊन मला जेमतेम वर्ष झालं होतं, आणि मुकादम सगळ्यांना सांगत फिरत होता की बायकांना हे जमत नाही, चार दिवसांनी परत येईल बाटल्यांवर. मी दोन गोळ्या घेतल्या आणि आले. म्हटलं, साहेब आहेत ना. त्यांचं नाक म्हणजे नाक. आज मी नुसती मान डोलवेन.

अकरा वाजले. नारंगी पेयाचा पेला आला. साहेबांनी घोट घेतला आणि माझ्याकडे बघितलं. मी घोट घेतला आणि साहेबांकडे बघितलं. मी वाट बघतेय ते बोलतील म्हणून, ते वाट बघताहेत मी बोलेन म्हणून. 

शेवटी साहेब म्हणाले, "चालेल, नाही का?"

मी म्हटलं, "हो, चालेल की."

दोन सह्या झाल्या. नळ उघडला.

दुसऱ्या दिवशी एका निवृत्त शिक्षकांचा फोन आला. "तुमच्या संत्र्याची तब्येत बरी नाही का? लिंबासारखं लागतंय." अहो, डबे बदलले होते! नारंगीच्या टाकीत लिंबाचा अर्क पडला होता. गोड तेवढंच, आंबट तेवढंच, रंग नारंगीच. जिभेला गोड-आंबट कळतं. संत्रं की लिंबू हे नाकाला कळतं. अकरा ट्रक माघारी बोलावले. मागच्या अंगणात दिवसभर बाटल्या ओतत होतो. सगळ्या कारखान्यात लिंबाचा घमघमाट सुटला होता, आणि तो न येणारी माणसं दोनच होती. एक मी. दुसरे कोण, ते मला संध्याकाळी कळलं.

मालक, तुम्हाला तो दिवस आठवत असेल. तुम्ही आम्हा दोघांना बोलावलंत. मी ठरवूनच आले होते की उद्यापासून बाटल्यांवर. पण माझ्या आधी साहेब बोलले. म्हणाले, "तापानंतर माझा वास गेलाय. आठ महिने झाले. मी लपवलं. हा राजीनामा." चिठ्ठी खिशात तयार होती. नाकावर ज्याची सगळी नोकरी उभी, त्या माणसाने ते स्वतःच्या तोंडाने सांगितलं. तुम्ही ती चिठ्ठी वाचलीत. मग विचारलंत, "आणि ही दुसरी सही?"

साहेब म्हणाले, "बाईंनी शंका काढली होती. मी ऐकलं नाही. माझ्या सांगण्यावरून केली त्यांनी सही."

पुढचं थोडक्यात सांगते. मालकांनी राजीनामा फाडला. "नाक गेलं, डोकं शाबूत आहे ना?" म्हणाले आणि साहेबांना चाखणखोलीतून काढून कचेरीत बसवलं. तिथून ते प्रमुख झाले. मला पहिली सही मिळाली.

जिन्यात मी साहेबांना गाठलं. रडत म्हटलं, "मला सर्दी होती हो."

ते म्हणाले, "माहीत आहे. नाक गेलंय, कान नाही गेले. सकाळपासून तुमचा आवाज ऐकतोय."

"मग मला थांबवलं का नाहीत?"

"तुम्हाला विचारलं असतं, तर तुम्ही मला विचारलं असतं."

त्यानंतर एक नियम आला. चाखणखोलीच्या दारात ताजी सोललेली साल ठेवायची, आणि ती कशाची हे डोळे मिटून सांगितल्याशिवाय आत जायचं नाही. नवी पोरं हसतात, म्हणतात, बाईंचं हे काय खूळ! आता कळलं का खूळ कुठून आलं?

काल मी साहेबांना विचारलं, उद्या हे सांगू का? म्हणाले, "माझं खुशाल सांगा. नाक गेलं, आता खुर्चीही चालली. पण तुमच्या सर्दीचं कशाला उकरून काढता? इतकी वर्षं झाकलंय मी ते." साहेब, तुमचा शब्द मी कधी मोडला नाही. आज मोडला. मालक, मी कसलीही शंका काढली नव्हती. माझ्या सहीची चूक माझीच होती. माझ्यामागून चाखणखोलीत सात बायका आल्या. त्या दिवशी साहेब माझ्याबद्दल खरं बोलले असते, तर त्यातली एकही आली नसती, हे मला पक्कं ठाऊक आहे. तुमचे उपकार कसे फेडू, साहेब? माझी तुमच्यावर फार माया आहे, एवढंच सांगते. वहिनी, तुम्ही समजून घ्याल.

एक गोष्ट मात्र वहिनींनाही माहीत नसेल. गेली एकोणीस वर्षं, कितीही बैठका असोत, साहेब अकरा वाजता चाखणखोलीच्या दाराशी येतात. आत येत नाहीत. पेला घेतात आणि विचारतात, "आज चव कशी आहे?" मी सांगते, "सालीचा कडवटपणा आधी येतोय, मग गोडी, शेवटी जिभेच्या कडेला आंबट." ते ऐकतात आणि मग पितात.

समारंभ देखणा करणाऱ्या उपाहारगृहातल्या मंडळींचे, तुम्हा सर्वांचे आणि मला वेळेची चिठ्ठी न पाठवणाऱ्या सूत्रसंचालकांचे आभार. बोलण्यात काही उणंअधिक झालं असेल तर पदरात घ्या. आणि मालक, एकोणीस वर्षांपूर्वीचंही पदरात घ्या.

मी दोन पेले मागवून ठेवलेत. साहेब, एक तुमच्यापुढे आहे, एक मी घेतलाय. अकरा वाजून पाच मिनिटं झालीत, पाच मिनिटं उशीर. ऐका. कडवटपणा आधी, अगदी हलका. मग गोडी. मग आंबट, थोडं रेंगाळणारं. संत्रंच आहे, साहेब. प्या खुशाल. आज मला सर्दी नाही.