अस्वल डावीकडे चाललंय

"हॅलो?... हॅलो, मुंगे? मुंगे, तूच आहेस ना?... अगं मग तसं सांग ना आधी! ते 'नमस्कार, मी आपली काय मदत करू शकते' कशाला ऐकवतेस?... हो, वहिनीच बोलतेय. दुसरं कोण बोलणार? घरात दुसरं कोणी आहे का?... थांब. तेच तर विचारायचंय. घरात दुसरं कोणी आहे का गं?"

शिंपीणबाईंनी हे विचारलं ते शिवणयंत्राच्या मागे उकिडवं बसून. एका हातात फोन, दुसऱ्या हातात कापड कापायची मोठी कात्री, गळ्यात टेप आणि ओठांत टाचण्या. घाबरलेल्या माणसाने ओठांत टाचण्या धरू नयेत हे त्या शिवण शिकायला येणाऱ्या पोरींना रोज बजावत. आज स्वतःला सांगायला भान कोणाला होतं! पलीकडे होती त्यांची धाकटी नणंद. लहानपणी दिसेल ते उचलून आपल्या खाटेखाली नेऊन साठवायची, म्हणून घरात तिला मुंगी म्हणत. आता ती गिझरच्या कंपनीत दिवसभर लोकांच्या तक्रारी ऐकायची नोकरी करत होती.

"अस्वल चालतंय, मुंगे!... नाही गं, रस्त्यावर कुठलं? कम्प्युटरवर! आपलं अस्वल. तुझ्या दादाचं अस्वल!... आपोआप!... मी कशी चालवीन? माझं बदक आहे!... हो, बदक उभं आहे आपलं गुमान. अस्वलच चाललंय."

हा दादा, म्हणजे शिंपीणबाईंचा नवरा, गेल्या वर्षी वारला. हयातभर तो सिनेमाच्या थिएटरात टॉर्च घेऊन लोकांना जागा दाखवत असे. घरी आला की नवराबायको त्या जुन्या व्हिडिओ गेमच्या यंत्रासमोर बसत. बायकोचं बदक छत्रीवालं, नवऱ्याचं अस्वल टॉर्चवालं, दोघं मिळून बेटं पालथी घालत. नवऱ्यामागोमाग यंत्रानेही धूर सोडला. शेवटी गेल्या रविवारी मुंगीने येऊन वहिनीच्या कम्प्युटरवर एम्युलेटर घालून दिला. म्हणजे कम्प्युटरला त्या जुन्या यंत्राचं सोंग घ्यायला लावणारा प्रोग्रॅम. सगळी सोंगं आणता येतात, पैशाचं येत नाही, असं म्हणतात. न घाबरल्याचंही येत नाही, ही त्यात शिंपीणबाईंनी त्या दुपारी घातलेली भर.

"हो, तू सांगितलंस तस्संच केलं... ती बायोस का काय ती फाइल तू ठेवलीस तिथेच आहे. मी तिच्याकडे वाकडा डोळा करून बघितलंसुद्धा नाही... उघडला ना खेळ. आम्ही खेळ सोडला होता तिथली फाइलही दिसली. मग म्हणतो कसा, दुसरा खेळाडू जोडा... अगं जोडीची फाइल ती, एकटीला उघडतच नाही! मग मी कपाटातून त्याचा खेळायचा रिमोट काढला आणि लावला... ठेवला कुठे म्हणजे? त्याच्या खुर्चीत, उशीला टेकवून... जमिनीवर? त्याचा रिमोट जमिनीवर ठेवला असता तर त्याने मला सुखाने जेवू दिलं असतं का?... नाही, कोणी दाबत नाहीये! खुर्ची रिकामी आहे म्हणून तर फोन केला! भरलेली असती तर..."

इथे बाईंनी जरा विचार केला.

"भरलेली असती तरी केला असता."

कात्रीची मूठ घामाने ओली झाली होती. टेबलावरच्या कम्प्युटरमधून अस्वलाच्या पावलांचा थप थप आवाज येत होता.

"ए, माझ्याशी त्या गिझरवाल्या आवाजात बोलू नकोस हं! 'आपला त्रास मी समजू शकते' म्हणे! काय समजू शकतेस? तुझं अस्वल चाललंय का?... बंद करून पुन्हा चालू करू? हेच तू गिझरलाही सांगतेस ना?... मांजर? रिमोटवर बसायला मांजर कुठून आणू मी?... नेटवरून कोणी घुसलं म्हणतेस? ती वायर मी परवाच काढली, झाडताना पायात यायची... नाही गं, आपोआप चालतो तो नमुन्याचा खेळ नाही हा, आपलाच खेळ आहे. ती शेकोटी आहे, माझी छत्री आहे, त्याने बदकासाठी बांधलेलं ते वाकडं घर आहे... हो, वाकडंच होतं ते, पण दाराशी झोपाळा टांगला होता त्याने... मुंगे, ऐक ना. अगं ऐक ना! चाललंय कुठे विचार. डावीकडे. भिंतीला घासत. टॉर्च पुढे धरून, भिंतीला घासत!... आता पटलं ना?"

पटण्यासारखंच होतं ते. अंधारात चालायचं तर एक भिंत धरावी आणि सोडू नये, असा दादाचा धर्मच होता. थिएटरात डावा हात भिंतीला, उजव्यात टॉर्च. घरीसुद्धा रात्री पाणी प्यायला उठला की डावा तळवा भिंतीवरून सरपटत जायचा. खोलीतून माठापर्यंत रंगावर त्याची मळकट रेघ उठली होती. रंगारी आला तेव्हा बाईंनी तेवढी भिंत सोडून बाकीचं घर रंगवून घेतलं. खेळातही अस्वलाने तेच केलं. आख्खं मैदान मोकळं पडलेलं असायचं आणि हा आपला डाव्या भिंतीला अंग घासत.

"कोटाच्या डाव्या कोपराला ठिगळं कोणी लावली? मीच ना? मग मला त्याची चाल ओळखू येणार नाही?... तोच आहे गं. तोच चालतोय... आई गं!"

दारावर थाप पडली होती. बाईंची किंकाळी अशी की शिवणयंत्राने, पाय लावला नसताना, दोन टाके घातले. रीळ उडून फडताळावर बसलं. आणि समोरच्या छपरावरची कबुतरं गेली ती आठवडाभर त्या गल्लीत फिरकली नाहीत.

"थांब, मुंगे, दारात कोणीतरी... कोण आहे?... अहो वॉचमनदादा, तुम्ही होय! पँट?... एक पाय झालाय... दुसरा? दुसऱ्या पायाचं उद्या बघू!... अहो आत येऊ नका, आत अस्वल आहे!... गेले. पळतच गेले. बँक राखणार म्हणे हा माणूस... हं, बोल. हसू नकोस... रडतेस? मग नाक पूस आणि सांग काय करू ते. अस्वल कुठवर आलं बघते... मुंगे! भिंत संपत आली!"

बाई उठून उभ्या राहिल्या. यंत्राचा आडोसा मात्र सोडला नाही.

"पुढे काय म्हणजे? दरी! आमचा ओलांडायचा राहिलेला तोच पूल, तीच दरी! पुलाच्या अलीकडे भिंत संपते आणि डावीकडे सरळ खड्डा... एकच जीव राहिलाय गं त्याचा! पडलं की संपलं... हा मेला खेळ जोडीतला एक गेला की दोघांची फाइल पुसून टाकतो, विसरलीस का?... कॉपी?"

पलीकडे काय बोललं गेलं कोण जाणे, बाई टेपचं टोक चावू लागल्या.

"कॉपी... तू करून दिली होतीस, हो... होती. पुसली मी... ओरडू नकोस! उघडून बघते तर एकाच नावाच्या दोन फायली. एकाच माणसाच्या दोन? मला ते बरं दिसेना, मुंगे. माणूस एक, फाइल एक. काढून टाकली दुसरी... आणि खेळ साठवायच्या त्या जुन्या कार्डाने रविवारी तुझ्याच हातात मान टाकली. म्हणजे आता जे आहे ते एवढंच... तो झोपाळा, ते घर, सगळं ह्यातच. आणि निघालंय दरीकडे!... रिमोटची वायर उपटू? म्हणजे खुर्चीपाशी जाऊ?... नाही. नाही नाही नाही. खुर्ची गरम लागली तर?... तुला सांगायला काय जातंय लांबून!... सांग ना गं दुसरं काहीतरी, चार पावलं राहिलीत!... थांब. बदक!"

कात्री पडली. बाईंनी टेबलापर्यंतचं अंतर कसं कापलं ते त्यांना पुढे कधीच सांगता आलं नाही. फोन खांद्यात दाबला आणि आपला रिमोट उचलला.

"बदक आडवं घालते. पळ गं बाई, पळ... वारा लागतोय, छत्री मीट... कुठल्या बटणाने मिटायची ती?... मिटली! चल, चल... आलं. दरीच्या काठावर उभं केलं. अस्वल येतंय... येतंय... धडकलं. मुंगे, धडकलं!... ढकलतंय मला... नाही, नाही पडत. धरलंय. धरलंय मी त्याला. पाय हलताहेत त्याचे जागच्या जागी, पण टेकलंय माझ्यावर... हो, अस्वल टेकलं की थरथरतो तसा रिमोट हातात थरथरतोय."

कपाळावरचा घाम पुसायला हात मोकळा नव्हता, तो नाकावरून खाली ओघळला.

"काय? त्याच्या रिमोटकडे बघू?... लांबूनच बघते... डाव्या अंगठ्याची दांडी? दिसतेय... वाकडी आहे. डावीकडे कललीय, कोणी हात न लावता. वरचं रबर एका बाजूने पार गुळगुळीत, अंगठ्याएवढा खळगा पडलाय... दाबून दाबून?... म्हणजे इतकी वर्षं तो तिकडेच दाबायचा म्हणून आता ती आपली आपणच दाबलेली... अगं, मग हे तेव्हा कसं कळलं नाही?... हो गं. त्याला कायम तिकडेच जायचं असायचं. दांडी ओढते की तो जातो, कळणार कसं?... म्हणजे तो नाही... म्हणजे भूत नाही... छे, बरंच झालं की! मला काय हौस होती का?"

पण हे म्हणताना आवाज असा बसला, जशी गरम इस्त्रीखाली फुगलेली बाही बसते.

"सांग, काय करायचं ते... सेटिंग. उघडलं... खेळ थांबला! सेटिंग उघडलं की खेळ थांबतो? मग हे मघाशीच का नाही सांगितलंस, गिझरवाले?... सांगत होतीस? मी ऐकत नव्हते?... बरं, नव्हते. पुढे... आधी कॉपी. हो, हो... केली. झाल्या पुन्हा दोन. असू देत, दोन तर दोन... दुसरा रिमोट. हं... काय म्हणालीस? डेड झोन?... शी! दुसरं नाव नाही सुचलं मेल्यांना?... म्हणजे दांडी जराशी कललेली असली तर कम्प्युटरने तिकडे काणाडोळा करायचा. मग असं सरळ सांग ना... सरकवलं... अजून थोडं... बस. आले परत खेळात."

थप थप थांबली.

"थांबलं, मुंगे... हो. छान झालं... हो ना, तू होतीस म्हणून... अगदी खांबासारखं उभं आहे आता. माझ्यावर टेकलेलंसुद्धा नाही... नाही गं, रडत कुठे? टाचणी टोचली. तोंडातच होत्या मेल्या... तू जा, तुझे गिझर खोळंबले असतील... मी? मी पुलापर्यंत जाऊन येते जरा. आता कॉपी आहे, पडले तर पडले... एकटीच, मग काय. उद्या ओलांडू म्हणाला होता तो. कोटाला बटण लावून घेतलं आणि गेला ड्यूटीवर... हो, ठाऊक आहे तुला... पुलावर काळोख आहे गं. पुढची फळी दिसत नाही."

बदक पुलाच्या तोंडाशी जाऊन थांबलं. खोलीत आता फक्त शेकोटीचा चरचराट, तोही खेळातला.

"मुंगे... तो बिघाड डावीकडेच ओढत होता ना?... फक्त डावीकडेच?... आणि आता तर आपण त्याकडे काणाडोळा केलाय... नाही, सहज विचारलं."

बाईंच्या हातातला रिमोट एकदा थरथरला.

"अस्वल वळलंय. उजवीकडे... नाही, मी हात लावलेला नाही. खुर्चीत आहे रिमोट, होता तिथेच... भिंत सोडली त्याने, मुंगे. ह्याने कधी भिंत सोडली होती का?... येतंय. माझ्या मागे येतंय... टॉर्च खाली केलाय. तोंडावर नाही मारत, पायाशी धरलाय. उशिरा येणाऱ्यांना धरायचा तसा, पाऊल पडेल तिथे... घाबरलेय तर! खूप घाबरलेय, दातावर दात वाजताहेत, ऐकू येत नाही का तुला?... पण फळ्या दिसताहेत आता. एकेक फळी दिसतेय... नाही, नको, येऊ नकोस तू... खुर्ची? हो, आत्ताच लावला हात... गरम आहे का म्हणजे?... ते उद्या सांगते. ठेवते गं, इथे दोन्ही हात लागतील."