चर्च डाव्या हाताला ठेवा

हॅलो?

हॅलो… कोण? बाबा? तुम्ही कायले फोन लावला आता? तिकडं दादाचं पदवीदान आहे ना आज?

साक्षीच बोलून राहिली. हाव, फुलचूरच्याच घरी लागला. बोला.

हळू बोला. इंग्लंड दूर आहे म्हणून ओरडावं लागत नाही.

…

हरवले? हरवले म्हणजे कसे?

नाही, थांबा. एक-एक करून सांगा. दादानं साडेनऊला तुम्हाला त्या मोठ्या चर्चच्या दाराशी उभं केलं. म्हणाला, मी गाऊन घालायला जातो, तुम्ही साडेदहाला पास दाखवा अन् आत जाऊन बसा. बरोबर? पास आहे का खिशात? … बरं. मंग दाराशी उभा केलेला माणूस नदीवर कसा पोहोचला?

काय दिसला?

निळा झेंडा.

…बाबा.

हाव, मला माहीत आहे. दीक्षाभूमीला नेताना तुम्हीच सांगत होते, गर्दीत काहीही होवो, निळा झेंडा सोडायचा नाही. मी अजून सोडत नाही. पण ते नागपूरला. तो झेंडा घेतलेली बाई गाइड आहे, बाबा. लोकांना पायी फिरवून शहर दाखवते. मागच्या लोकांना दिसावं म्हणून झेंडा धरते. तिच्या घरी पिवळा असता तर तिनं पिवळा आणला असता.

एक तास? एक तासापासून चालून राहिले तुम्ही तिच्या मागं? अन् ती काय सांगते ते समजलं?

मान हलवली. बरं. अन् उभे कुठं राहत होते? … सगळ्यात पुढं. मंग तर तिला वाटलंच असेल की या माणसाले इतिहासाची भलती आवड आहे.

आई, काही झालं नाही. बाबा फिरायला गेले. … नाही, जेवले नाही. तिथं आता सकाळचे दहा पस्तीस झाले. … इथले तीन पाच, त्यातून साडेचार तास वजा… आई, वजाबाकी राहू दे. तुझ्या मोबाईलवरून दादाला लाव.

तुम्हाला नाही म्हटलं, बाबा. तुम्ही आहात तिथंच राहा. तुम्ही दादालाच कायले नाही लावला? … हाव, तो नंबर नावानं भरून दिला होता त्यानं. … नाव नाही सापडलं, अन् घरचा नंबर पाठ होता. बरं केलं.

काय म्हणते, आई? बंद?

बाबा, दादाचा बंद आहे. आत जाऊन बसला असेल. आता तुमचं तुम्हालाच पोहोचावं लागते. दहा पन्नासला दार लावतात, त्याच्यानंतर कोणाला घेत नाहीत. दादानं मेलमध्ये दोनदा लिहिलं आहे. तुमच्यासाठीच लिहिलं असेल. पंधरा मिनिटं आहेत.

माफी मला कायले मागून राहिले?

…

आठवते ना. नागपूरच्या पदवीदानाला पण तुम्ही नव्हते. सालेकशाच्या पुढं रूळ तडकला होता, तुम्ही लाल झेंडी धरून दिवसभर तिथं उभे होते. दादा घरी आला अन् दोन पोळ्या खाऊन झोपला. पण आज तिथं कोणता रूळ तडकला, सांगा. … नाही ना तडकला. मंग पोहोचायचं. चौतीस वर्षं रोज बारा किलोमीटर रूळ पायी तपासणारा माणूस, अन् एका चर्चपाशी हरवला.

हाव, रुळाला दोनच दिशा असतात. ते खरं आहे.

ऐका. माझ्यापाशी नकाशा आहे. दादानं पाठवला होता, मी सायबर कॅफेतून प्रिंट काढली. काळी-पांढरी आहे, नदी अन् रस्ता एकसारखाच दिसतो, पण चालते. पूल दगडाचा आहे का? कमानी किती?

वाकू नका. बाबा, वाकून मोजू नका. पुलावर यायच्या आधी काठावरून दिसल्या असतील, तेवढंच आठवा. … तीन. आता एक काडी टाका पाण्यात. … काडी, काडी. झाडाची. … झाडाची नाही तर चॉकलेटचा कागद… नाही, कागद नका टाकू, तिथं दंड करतात. पान टाका. … कुठं चाललं? चर्चकडं की चर्चपासून दूर?

चर्चकडं. तीन कमानी अन् पाणी चर्चकडं, दादानं नकाशावर हेच लिहिलं आहे. मंग हाच पूल. सापडले तुम्ही.

आता सांगते तसं करा. चर्च दिसून राहिलं ना, झाडांच्या वर? ते डाव्या हाताला येईल असे उभे राहा. … घड्याळाचा हात. … आता नाकासमोर चाला. पूल संपेपर्यंत. पुढंही चर्च डाव्या हाताला ठेवा.

चाला ना. थांबले काऊन?

…

बाबा, स्तुपाला उजव्या हाताला ठेवून फिरतात, मला माहीत आहे. हा स्तूप नाही. अन् आपल्याला प्रदक्षिणा नाही घालायची, दार गाठायचं आहे. उजव्या हाताला ठेवाल तर पूल मागं जाईल अन् तुम्ही परत गावात. … काही होत नाही उलटं गेल्यानं. जन्मभर आम्हाला सांगितलं, पारखून पाहा अन् मंग माना. आज स्वतः डाव्या हाताला भिऊन राहिले.

हं. चाला.

आई, चालू लागले. … विचारते. बाबा, आई पुसते, स्वेटर घातलं का? … जागेश्वरकाकाचा मागून नेलेला कोट आहे, आई, त्याच्या आत स्वेटर काय, सतरंजी पण मावते.

चढ लागला? हळू चढा. तुम्ही रिटायर आहात.

मागून कोणाचा आवाज येऊन राहिला?

ते पण? सगळे? सगळे म्हणजे किती? … एकोणीस. ते एकोणीस लोक तुमच्या मागं काऊन येऊन राहिले?

…

तुमच्या हातात काय आहे, बाबा?

झेंडा तुमच्या हातात कसा आला?

बाईच्या बुटाची नाडी सुटली. … हाव. … तुम्ही सगळ्यात जवळ होते म्हणून धरायला दिला. अन् तेवढ्यात तुम्ही मला फोन लावला. अन् मी म्हटलं, चाला. … बरोबर आहे. तुम्ही काही चुकीचं केलं नाही. झेंडा पुढं गेला, लोक मागं गेले. त्यांना पण कोणी लहानपणी सांगितलं असेल.

बाई कुठं आहे? … सगळ्यात मागून पळत येऊन राहिली. काय म्हणते? … हसून राहिली? मंग चिंता नाही.

खाली ठेवू नका. निळा झेंडा जमिनीवर टेकवायचा नाही, हे पण तुमचंच. उंच धरा अन् चाला.

आई, हसू नको, मला ऐकू येत नाही. … बाबा एकोणीस लोकांना घेऊन चढ चढून राहिले. … त्यांच्याहीपैकी कोणी जेवलं नसेल.

हॅलो? हाव, आहे. लाइट गेली. … इथली गेली, तिथली नाही. फोनला काही होत नाही. तुमच्या मोबाईलची चार्जिंग किती आहे? कोपऱ्यात काड्या दिसतात त्या. … एकच? बोलू नका मंग. मी बोलते, तुम्ही फक्त हूं म्हणा.

दगडी कमान आली? … आत जा. पुढं सरळ रस्ता आहे, खाली गोटे बसवलेले. … हूं. कुठंच वळायचं नाही. चर्च डावीकडंच आहे. … दिसत नाही तरी आहे. घरांच्या मागं. बाबा, एवढं मोठं चर्च जागा सोडून कुठं जाणार नाही.

आता डावीकडं एक गल्ली येईल. तिथं दादानं पेननं 'गाय' असं लिहिलं आहे. काऊन लिहिलं, मला नाही माहीत. … तिथं मोकाट गाय कशी असेल, गोंदियाचा बाजार आहे का तो? … वर? भिंतीवर? … चर्चच्या भिंतीवर दगडाची गाय. अन् दोन बाया. मंग तीच. ती गाय दिसली की डावीकडं. … बाईनं सकाळी दाखवली होती? काय सांगितलं गायीचं?

मान हलवली. हाव.

वळले का? मोकळं मैदान दिसलं? तिथून डाव्या हाताला मोठं दार. तेच दार, जिथं दादानं उभं केलं होतं. … धावू नका म्हटलं ना… बरं, धावा.

…

पोहोचले?

लावलं? पूर्ण लावलं?

आता तीन तेवीस झाले. म्हणजे तिथं दहा त्रेपन्न. तीन मिनिटं.

आई, थांब जरा.

बाबा, बाहेर कोणी उभं आहे का? काळ्या कोटातला, टाय लावलेला, कोणीही? … कोणीच नाही. घंटी? … मंग खिडकीपाशी… बाबा, हॅलो? बोलत काऊन नाही?

कोणती कडी?

तोंडात कडी धरलेलं जनावर. दारावर. … बाईनं सकाळी पहिल्यांदा हेच दाखवलं. बरं. … नाटक करून दाखवलं? एक माणूस पळत आला, मागं लोक तलवारी घेऊन. … त्यानं ही कडी धरली. … दार उघडलं. मागचे लोक बाहेरच राहिले. आत जेवू घातलं. … सदतीस दिवस? सदतीस कसे कळले तुम्हाला? … बोटांनी दाखवले. दहा, दहा, दहा अन् सात. बाकी शहर राहिलं बाजूला, हेच बरं समजलं.

बाबा, तो जुन्या काळचा कायदा असेल. खून करून पळालेल्या लोकांसाठी. तुम्ही कोणता गुन्हा केला, सांगा बरं.

…

…

हाव. नागपूरचा. … अन् त्याच्या आधी दहावीच्या बक्षिसाचा. … ते तर मी मोजतच नव्हते.

मंग वाजवा.

हातानं नाही, कडी धरा. जोरानं. रुळावर हातोडी मारत होते ना, तसं.

आई, इकडं ये, कान लाव. … ऐकू आलं? … अजून एक. … बाबा दार वाजवून राहिले. चर्चचं.

बाबा? काय झालं? कोण आलं?

तो काय म्हणून राहिला? … मोबाईल तिकडं करा, मला ऐकू द्या. … हं. … हं.

आई, बाई बोलून राहिली आता. दारवाल्याला सांगते, कडी धरलेल्या माणसाला परत पाठवता येत नाही, हा तुमच्याच चर्चचा नियम आहे, मी आज सकाळीच या सद्गृहस्थांना शिकवला. … एकोणीस जण टाळ्या वाजवून राहिले. … दारवाला म्हणते, नियम जुना झाला, पास आहे का?

बाबा, पास. पास दाखवा. … त्या कोटाला चार खिसे आहेत, आतला पाहा. … आधी झेंडा बाईला देऊन टाका. दोन्ही हात मोकळे करा. … तो बसचा आहे. दुसरा. … हाव, तो.

…

घेतलं?

आई, घेतलं आत.

आता हळू बोला. बोलूच नका. मागच्या खुर्चीवर बसा. … नाही, हात जोडावे लागत नाही. गुडघे टेकावे लागत नाही. नुसतं बसायचं. … खांबावर बोट वाजवून पाहायचं नाही, तो रूळ नाही.

काय? … सगळ्यांनी वळून पाहिलं? एवढं ठणठण वाजवल्यावर पाहणारच.

दादानं पण?

दिसला तुम्हाला? अन् त्याला तुम्ही? … मंग काय केलं त्यानं?

…

घड्याळ दाखवलं.

मनगट वर करून. भर चर्चमध्ये. … मंग तो खूश आहे, बाबा. राग असता तर काही दाखवलंच नसतं, घरी येऊन दोन पोळ्या खाऊन झोपला असता.

आता फोन बंद करा. लाल बटण. … तसाच खिशात नका टाकू, आधी लाल बटण… बाबा? … बाजा वाजून राहिला का तो? … हॅलो?

बाबा?

…

काडी संपली, आई. … पोहोचले ना, हाव. बसले. दादानं पाहिलं.

नाही, ते नाही विचारलं. पण तू चिंता नको करू, सदतीस दिवस जेवू घालतात म्हणे तिथं.