मस्तगडची गिरणी

डोळ्यांच्या दवाखान्यात नंबराची वाट बघणाऱ्या दैवशालाच्या शेजारी बसलेल्या अनोळखी म्हाताऱ्याच्या भुवईत पीठ अडकलं होतं. थेंब घातल्यावर ते ओलं होऊन पापणीपर्यंत ओघळलं. त्याच्या पलीकडे त्याची लेक बसली होती, मांडीवर कॅमेऱ्याची बॅग घेऊन.

"आण्णा, डोळे उघडू नका."

"बरं. तुझा जालन्यावरचा सिनेमा कव्हा संपायचा?"

"तुमची मस्तगडची गिरणी चालू आहे, तोवर कसा संपेल? तिच्या शेवटच्या दिवसावरच तर सिनेमा संपवायचाय."

"म्हंजी? तू शूटिंग करून राह्यली म्हणून मी गिरणी चालवून राह्यलो!"

"काय? अन् ती गिऱ्हाइकं?"

"कुठली गिऱ्हाइकं? गल्लीतल्या बायांना ज्वारी मीच देतो. डबे घेऊन उभ्या राहा म्हणतो."

"आण्णा! अन् पीठ?"

"त्याच नेतात. फुकटचं कोण सोडतंय?"

"मग मी इतके दिवस शूट काय केलं?"

"मला काय म्हाईत? वाटलं, बंद गिरणी दाखवली तर पोरीला कोणी बक्षीस देणार न्हाई."

"पण तुम्हाला बंद करायची होती?"

"पिठानं छाती भरून येते. दिवाळीपासून तुझ्या आईला नुसतं सांगून राह्यलो, करतो, करतो."

"मग करा की!"

म्हातारा मिटल्या डोळ्यांनीच तिच्याकडे वळला.

"उद्यापासून गिरणी बंद."