हळदीचं अंग

(सोनईतल्या एका घराची पडवी. वैशाखातली दुपार. शर्यतीची सायकल मागच्या बाजूनं विटांवर टेकवलेली, मागचं चाक अधांतरी. अंगाला हळद फासलेला, कमरेला कट्यार खोचलेला कानिफनाथ पायडल मारतोय. त्याची भावजय मालन उंबऱ्याशी बसलीय. तिची वर्षाची गोजी जवळच रांगतेय.)

मालन : पुरे आता, भावजी. घामानं हळद उतरायला लागलीय. आत्याबाई उठल्या तर मला बोलतील.

कानिफ : तुम्हाला का म्हणून? पायडल मी मारतोय.

मालन : राखणीला मला बसवलंय ना. ‘नवरदेवाला एकटं सोडू नको, मी जरा पाठ टेकते,’ असं बजावून गेल्यात.

कानिफ : नवरदेव! कट्यार टोचून टोचून कमरेला घट्टे पडले, वैनी. कूस बदलता येत नाही. काल माझा दोस्त अलीम कुंपणापाशी आला अन् विचारतो, ‘लढाईला चाललास का लग्नाला?’

मालन : मग काय म्हणालात?

कानिफ : म्हटलं, दोन्हीला निघालो होतो. पडवीपर्यंत पोचलोय.

मालन : हसवू नका. गोजी! काय गं तोंडात? आ कर. आ कर म्हणते ना! खडा... थू कर. थू.

कानिफ : वैनी, दम घ्या. एवढासा खडा तर होता.

मालन : एवढासाच घशात अडकतो.

कानिफ : सकाळपासून बघतोय. एक डोळा तिच्यावर, एक माझ्यावर. थकत नाही का तुम्ही?

मालन : दोघांतलं कुणी जरा शिंकलं तरी नाव कुणाचं येणार, ते मला ठाऊक आहे. किती वाजले?

कानिफ : साडेतीन होत आले असतील. चारची एस.टी. चुकली की संपलं सगळं. उद्या सकाळी पुण्याहून टीम मुंबईला जाणार, तिथून विमान. साऱ्या देशांतली विद्यापीठाची पोरं येणार, वैनी. आपल्याकडून पाच निवडली, त्यांत एक सोनईचा. अन् तो सोनईचा इथं विटांवर बसून वारा कापतोय.

मालन : कारखान्यात फोन आला होता ना तुमच्या सरांचा? हे काय म्हणाले त्यांना?

कानिफ : दादा? दादा म्हणाला, ‘भाऊ जरा आजारी आहे.’ सर म्हणाले, काय होतंय? दादाला दुसरं काही सुचेना. म्हणाला, ‘पिवळा पडलाय.’

मालन : अगंबाई!

कानिफ : सर म्हणे, कावीळ असेल, उसाचा रस पाजा. आज रात्रीपर्यंत जागा धरून ठेवतो म्हणालेत. नाहीतर नागपूरचा पोरगा घेणार.

मालन : पुढच्या वर्षी...

कानिफ : तुम्ही पण? पुढच्या वर्षी मी कॉलेजात नसणार, वैनी. ही शर्यत शिकणाऱ्या पोरांची. ही गेली की माझी सायकल राहिली ती उसाला पाणी धरायला जायची.

मालन : लग्नाला हो म्हणताना याचा विचार करायचा होता.

कानिफ : हो म्हटलं म्हणून तर आईनं जा म्हटलं! ‘परमुलखात जायचं तर लगीन करून जा, न्हाईतर तिकडची गोरी घिऊन येशील.’ मी म्हटलं, करून टाका. मला काय माहीत विमानाच्या घाईपायी हळद दोन दिवस आधीच लावतील. माझी उष्टी हळद देवळालीला गेली, राहीला लागली, अन् त्याच संध्याकाळी तिच्या आज्यानं...

मालन : गेलेल्या माणसाला बोलू नये.

कानिफ : बोलत नाही. बिचारा नातीच्या लग्नाची वाट बघत होता म्हणे. आता सुतक फिटल्याशिवाय लग्न नाही, लग्न लागल्याशिवाय हळद उतरायची नाही, अन् हळदीच्या अंगानं वेस ओलांडायची नाही. चोराला सुद्धा एकच बेडी घालतात, वैनी.

मालन : पाणी घ्या. सावकाश. छातीवर सांडू नका.

कानिफ : काल तुम्ही देवळालीला भेटायला गेला होतात ना, मामंजींबरोबर?

मालन : हं.

कानिफ : कशी आहे ती?

मालन : कशी असणार? घरात गेलेलं माणूस. भावजी, गोजीच्या कपाळाला हात लावून बघा बरं. कढत लागतंय का?

कानिफ : गार आहे. चांगलं गार आहे. मी राहीचं विचारलं.

मालन : मी सांगितलं.

कानिफ : काल आल्यापासून तुम्ही माझ्याशी धड बोलला नाहीत. जेवायला वाढताना पण खाली बघत होतात. काय झालंय तिथं? लग्न मोडताहेत का?

मालन : हळू. आत्याबाई आत आहेत.

कानिफ : घोरतेय. सांगा.

मालन : आजोबांचा जीव गेला तेव्हा त्यांचं डोकं राहीच्या मांडीवर होतं. मग प्रेताला शिवलेल्या सगळ्या बायका नदीवर आंघोळीला गेल्या. ती पण गेली. तिला घरी बस म्हणायला कुणी शुद्धीवर नव्हतं. डोक्यावरून पाणी घेतलं सगळ्यांनी.

कानिफ : मग हळद?

मालन : प्रवरेत गेली.

कानिफ : कुणी पाहिलं नाही?

मालन : रडारडीत कुणाचं लक्ष? घरी आल्यावर तिनंच डब्यातली स्वयंपाकाची हळद घेतली अन् तोंडाला, हाताला चोळली. दिसतं तेवढंच. मला आतल्या खोलीत नेऊन पदर सरकवून दाखवलं तिनं. खाली कोरी आहे पोर.

कानिफ : तुम्हालाच का दाखवलं?

मालन : तुम्हाला सांगावं म्हणून. म्हणाली, ‘ताई, त्यांना सांगा, माझी कधीच धुऊन गेली. आभाळ काही पडलं नाही. त्यांनी खुशाल जावं.’

कानिफ : असं म्हणाली?

मालन : असंच.

कानिफ : वैनी! मग झालंच की! एकाच बाजूची हळद ती कसली हळद? उठवा आईला. मी सांगतो तिला.

मालन : काय सांगाल?

कानिफ : हेच, की नवरीची हळद...

मालन : हं. पुढं बोला. प्रेताच्या आंघोळीत धुऊन गेली, अन् पोरीनं खोटी लावून घेतली. आत्याबाई काय म्हणतील? मी सांगते. म्हणतील, असली अपशकुनी पोर माझ्या घरात नको. तुम्ही जाल विमानात बसून. ती राहील देवळालीत. आज्याला पण हिनंच खाल्लं म्हणतील. मग तिला कोण करून घेणार?

कानिफ : मग न सांगता जातो. तिचं नावच काढत नाही.

मालन : जा. तुमची पिशवी मी सकाळीच स्टँडावर मेहताबच्या सायकलच्या दुकानात ठेवून आलेय. वरून घालायला फुल बाह्यांचा सदरा आहे त्यात.

कानिफ : तुम्ही? तुम्ही नेऊन ठेवलीत?

मालन : भाकरीच्या पाटीत घालून नेली. आता असं बघू नका माझ्याकडं, मला भीती वाटते.

कानिफ : मग आत्तापर्यंत बोलला का नाहीत? मी इथं पाऊण तास चाक फिरवतोय!

मालन : कारण पुढचं मला दिसतंय. तुम्ही गेलात की आत्याबाई टाहो फोडतील. मामंजी देवळालीला निरोप धाडतील. तिथल्या बायका राहीला उजेडात बसवतील अन् बघतील, हळदीतून नवरा उठून का गेला, पोरीत काय खोट आहे. पहिली गोष्ट काय बघतील?

कानिफ : हळद.

मालन : म्हणजे सांगितलंत तरी तिचं बिघडतं, अन् न सांगता गेलात तरी.

कानिफ : तीच म्हणतेय ना जा म्हणून!

मालन : एकोणीस वर्षांची आहे ती. त्या वयात मी पण असंच म्हटलं असतं.

कानिफ : तुम्ही माझ्या जागी असता तर काय केलं असतं? खरं सांगा.

मालन : तुमच्या जागी मी होऊन गेलेय, भावजी. विसरलात? गोजी अंगावर पीत होती, अन् माझा बी.ए.चा शेवटचा पेपर. तुम्हीच स्टँडापर्यंत सोडलंत मला सायकलवर.

कानिफ : नळीवर बसवून. घाबरून हँडल एवढं आवळलंत की मला वळवता येईना.

मालन : अमावास्या होती त्या दिवशी. आत्याबाई नको म्हणत होत्या. आठवड्यानं गोजीला आकडी आली.

कानिफ : तापानं आली. डॉक्टरांनी सांगितलं की. तुमच्या पेपराचा काय संबंध?

मालन : काही नाही, ते मलाही कळतं. पण आजही ती जरा किरकिरली की घरातलं एकेक माणूस माझ्याकडं बघतं. आधी राग यायचा मला. आता त्यांच्या आधी मीच बघते. रात्री उठून तिचा श्वास चालू आहे का, ते बघते. पास झाले मी. सेकंड क्लासात. तो पेपर कसला होता ते मला आज सांगता यायचं नाही.

कानिफ : वैनी...

मालन : मी तुम्हाला अडवत नाही. कडी काढलेली आहे मागच्या दाराची. तुम्ही गेलात तर माझं काय व्हायचं ते होईल, त्याची मला सवय आहे. पण राहीचं काय करायचं, ते मला सुचत नाही. रात्रभर सुचलं नाही.

कानिफ : हॉर्न वाजला.

मालन : घोडेगावच्या फाट्याला असेल. स्टँडावर दहा मिनिटं थांबते ती.

चांगुणाबाई : (कानिफची आई, आतून येत) काय कुजबूज चाललीया मघाधरनं? आगं बया! ही काय दशा केली रं अंगाची? समदी हळद गळली की घामानं! मालन, तुला कशापायी बसवलं हुतं?

मालन : सांगत होते मी, आत्याबाई.

चांगुणाबाई : सांगत हुती! उतर आदी त्या मेंढ्याच्या शिंगावरनं. ना मडगार्ड, ना घंटी. जागच्या जागी पळतंय येड्यावानी.

कानिफ : आई, एस.टी. आली.

चांगुणाबाई : रोजच येती.

कानिफ : ही रोजची न्हाई. आई, तुला काय सांगू... मी आयुष्यात दुसरं काय मागितलं न्हाई गं तुज्याकडं.

चांगुणाबाई : मागितलं आन् मी दिलं न्हाई का? जा म्हनले का न्हाई? तुज्या बापाशी भांडून जा म्हनले. आता देवानंच आडवं घातलं त्याला मी काय करू? सुतक फिटू दे, लगीन लागू दे, मग तुजं तू पाक चंद्रावर जा.

कानिफ : तवर शर्यत संपंल. वेस ओलांडली तर काय हुईल? काय हुनार हाय?

चांगुणाबाई : इचारू नको ते.

कानिफ : इचारतो. सांग की!

चांगुणाबाई : राधाकृष्ण हुता माजा भाऊ. थोरला. तुमाला कवा सांगितलं न्हाई. हळदीच्या अंगानं हिरीवर गेला. निसता पाय बुडवून येतो म्हनला, लई ऊन हाय. मी त्याच्या मागं पळत गेल्ते, एवढीशी. त्याला वर काडला तवा पानी वघळत हुतं, पर हळद निघाली नव्हती. कानामागं तशीच हुती. मी बोटानं पुसून बगितली.

मालन : आत्याबाई, बसा. बसा इथं.

चांगुणाबाई : मी काय वैरीन न्हाई रं तुजी. मला कळतं, पोरं इमानात बसत्यात आन् सुखरूप येत्यात. समदं कळतं. पर तू येशीवरनं गेलास की मला ते कानच दिसनार. तू येस्तोवर.

कानिफ : आई. तिकडं... नवरीची...

मालन : भावजी.

चांगुणाबाई : नवरीचं काय? बोल की! देवळालीवरनं काय आलंया का? मालन, तू काल जाऊन आलीस. काय हाय त्या पोरीचं?

कानिफ : काय न्हाई, आई. म्हनलं, नवरीला बी आसंच बसवून ठेवलं आसंल.

चांगुणाबाई : मग! तिला तर परसात बी एकटी जाऊ देत नसत्याल. तुजं बरं हाय, तुला पडवी तरी हाय.

कानिफ : व्हय. मला पडवी हाय.

मालन : गाडी हलली वाटतं.

चांगुणाबाई : हलली. धुराळा बग केवडा. आता उतर, बाळा. उतर खाली. आसा पाटावर बस. मालन, वाटीत हळद कालव चांगली, तेलाचं बोट घाल. सांजच्याला बायका गानी म्हनायला येत्याल, नवरदेव आसा उघडा नको दिसाया.

मालन : मी? तुम्ही लावा ना, आत्याबाई.

चांगुणाबाई : माज्यानं व्हायचं न्हाई आज. तूच लाव. भावजयीचा मान आसतोय. गोजीला दे माज्याकडं.

मालन : तिला... तिला धरून ठेवा हं. खाली सोडू नका.

चांगुणाबाई : धरलीया. लाव. कपाळापासनं.

कानिफ : लावा, वैनी. बसलोय मी.

मालन : डोळे मिटा, भावजी. तुम्ही असं बघत राहिलात तर माझा हात चालायचा नाही.