सावत्र आईच्या भुवया

…नाही, नाही, हसायचं नाही. हसलात की तोंडावरचा पॅक तडकेल, आणि तडकला की पहिल्यापासून परत. वीस मिनिटं ओठ हलवायचे नाहीत, तुम्ही नुसतं ऐकायचं — बोलणं माझ्याकडे लागलं, ते पॅकमध्येच धरलेलं आहे. आणि मघाशी आत आल्या आल्या तुम्ही काय बघितलंत ते मी बघितलं हां. माझ्या भुवया. नवीन बाई आली की पहिली नजर तिथेच — बाहेर एवढा मोठा बोर्ड, भुवया म्हणजे आमचा हातखंडा म्हणून, आणि आत ही उभी, कपाळावर दोन सुरवंट घेऊन. एक जण तर दारातूनच मागे फिरली, म्हणे पर्स गाडीत राहिली. पर्स कसली राहतेय, काखेत होती तिच्या. दिव्याखाली अंधार म्हणा — म्हणा, मनातल्या मनात म्हणा. अठरा वर्षं दोरा ओढतेय मी. माझ्या भुवया अशा होत्या ना, बायका फोटो काढून न्यायच्या आणि दुसऱ्या पार्लरात दाखवायच्या, अश्शा कर म्हणून. त्या मी जाणूनबुजून वाढवल्यात. दोन वर्षं झाली. एका सिनेमापायी. आणि तोसुद्धा कार्टूनचा.

मान जरा मागे टाका. हं. सांगते — तुमच्याकडे वेळ आहे आणि तोंड बंद आहे, असं गिऱ्हाईक रोज मिळत नाही. तर आमचे हे लिफ्ट दुरुस्त करतात. दिवसभर वर-खाली, आणि बोलणं लिफ्टच्या पाटीएवढं — चालू, बंद, दुरुस्ती सुरू आहे. पहिल्यांदा इथे आले ते बोटाला पाच वर्षांची पोर धरून. तिची आई जाऊन वर्ष झालेलं, आणि पोरीच्या डोक्यावर केसांचा हा असा गुंता. म्हणाले, सुटेल का, का सरळ कापूनच टाकायचे? म्हटलं, बसा तिकडे. दोन तास कंगवा आणि तेलाची बाटली घेऊन उभी होते, पण एक केस कापला नाही. पोरीने हूं की चूं केलं नाही. शेवटी आरशात बघितलं आणि विचारते कशी — उद्या परत गुंता करून येऊ? झालं. आली उद्याही, परवाही आली, बापाला ओढत. वर्षभर येत राहिली आणि मग मीच तिकडे गेले. लोक म्हणतात, ह्यांनी मला पसंत केलं. छे. बाईसाहेबांनी पसंत केलं. मी तिला बाईसाहेबच म्हणते, चालणंच तसं आहे तिचं. ती मला काकू म्हणायची, अजून काकूच म्हणते. म्हणू दे की. नाव काय, उंबऱ्यातून आत आल्यावर कुणाला हाक मारतेस ते महत्त्वाचं.

तर सिनेमा. लग्नाला महिना झाला नव्हता, बाईसाहेबांचा वाढदिवस. नेली मी तिला, दोघीच. मीही नटले होते — लाल नखं, उंच कॉलरचा काळा ड्रेस, भुवया तर काय, आदल्या दिवशीच केलेल्या. दिवे गेले. दहा मिनिटांत राजकन्येची आई मेली. ती मरतेच, विचारू नका, ह्या सिनेमांत आईने पहिली दहा मिनिटं तग धरली तर धन्य. आणि मग जिन्यावरून उतरली सावत्र आई. लाल नखं. काळा झगा, कॉलर इथपर्यंत. आणि भुवया — धंद्याची शपथ घेऊन सांगते, माझ्याच. कमानीला कमान. अंधारात बाईसाहेबांनी पडद्याकडे बघितलं, मग मान वळवून माझ्याकडे बघितलं, मग परत पडद्याकडे. तेवढंच. दुसऱ्या दिवशी नखं पुसली. काळा ड्रेस बहिणीला दिला. आणि स्वतःच्या भुवयांना त्या दिवसापासून दोरा लावला नाही.

हो, वेडेपणा आहे, मला कळतं. पण त्यानंतर मी ते सिनेमे बघायला लागले ना, धंद्याच्या नजरेने — तुम्हीही बघा एकदा. राजकन्येचे डोळे तिच्या कमरेपेक्षा मोठे. अंगावर लव म्हणून नाही. सगळ्या बाया तशा जन्मल्या असत्या तर मी आज कुठे असते? जाडी बाई असेल तर ती स्वयंपाकघरात आणि विनोदाला. तीळ असेल, नाक लांब असेल, हनुवटी टोकदार असेल, तर समजायचं, हिच्या मनात काळंबेरं आहे. आणि शेवटी सगळ्यांना शिकवण काय, तर बाळांनो, रूपावर जाऊ नका, मन बघा. आणि सांगतंय कोण, तर तीच, डोळेवाली. बापाचं तर विचारूच नका. एक तर परदेशी गेलेला, नाही तर आंधळा-बहिरा. आमचे हे परदेशी जात नाहीत एवढंच, बाकी — जाऊ दे. आणि सावत्र आई दिवसभर करते काय? जिन्यावर उभी राहते. डबा कोण भरतं? शाळेच्या मीटिंगला कोण जातं? पोरीच्या डोक्यातल्या उवा कोण काढतं? मी काढल्यात, तीन रविवार, आणि मला स्वतःला झाल्या त्या वेगळ्या. ते नाही दाखवत कुणी. उवा काढणारी सावत्र आई पडद्यावर यायची आहे अजून.

मग म्हटलं, आपण काही सिनेमे बंद करू शकत नाही. पोरगी तर म्हणणार, सगळा वर्ग बघून आला. तेव्हा मी एक युक्ती काढली. सांगू नका कुणाला. नवीन सिनेमा लागला की रविवारी सकाळच्या खेळाला मी एकटी जायची. तिकिटवाला ओळखायला लागला, विचारायचा, मूल कुठाय? म्हणायची, येतंय मागून. सगळा सिनेमा बघायची आणि वहीत टिपून आणायची. वही कुठली, ही समोरची, अपॉइंटमेंटची. अकरा वाजून सात मिनिटं, सावत्र आई येते. अकरा एकोणीस, पोरीला कोंडते. एका गिऱ्हाइकाने वाचलं आणि मला विचारते, ह्या काय करून घेतात तुमच्याकडे? — हसू नका म्हटलं ना! बघा, गालाजवळ रेघ गेली. थांबा, पाण्याचा हात लावते.

तर मग दुपारच्या खेळाला बाईसाहेबांना घेऊन जायचं, आणि नेमक्या वेळी म्हणायचं, चल, शू करून येऊ. कधी पॉपकॉर्न संपायचे, कधी मला खोकला यायचा. सात-आठ सिनेमे असे पार पडले. एकदाही कुरकुर केली नाही हो तिने. मुकाट्याने उठायची, माझं बोट धरायची, चल म्हणायची. मला वाटायचं, काय गुणाची पोर. पण गेल्या महिन्यात फजिती झाली. तो घड्याळवाला सिनेमा आला होता — घड्याळजीची मुलगी, आणि सावत्र आई तिला टॉवरच्या घड्याळात कोंडते, तो. सकाळी मी वेळा टिपल्या, सगळं चोख. पण दुपारच्या खेळाला जाहिराती जास्त, बारा मिनिटांचा फरक पडला. म्हणजे आम्ही लवकरच उठलो, आणि परत आलो तर बरोब्बर ती बया दाराला कडी घालतेय. मी तिथेच, दोन खुर्च्यांच्या मध्ये, गार. तेवढ्यात बाईसाहेब माझा हात ओढून म्हणतात, काकू, मला शू लागली. म्हटलं, अगं आत्ता तर केलीस. म्हणे, परत लागली. मी म्हटलं, देवच पावला. गेलो. तिथे नुसती हात धूत राहिली, एकेक बोट चोळून. मग नळ बंद करून विचारते, आता ती गेली असेल ना? म्हटलं, कोण? म्हणे, ती. मी तिला जवळ घेतलं. वाटलं, घाबरते गं बाई अजून.

किती वाजले? पावणेचार. येईल इतक्यात.

काही नाही हो. आज शाळेत कार्यक्रम आहे, सहाला. तिचा वर्ग तोच घड्याळवाला सिनेमा नाटक करून दाखवणार आहे. काल जेवताना, तोंडात घास, आणि म्हणते — मी सावत्र आई होणार आहे. वर म्हणते, शाळा सुटली की पार्लरात येते, भुवया काढून दे. आणि लगेच बापाकडे पाणी मागितलं. बाप म्हणतो, अरे वा. अरे वा! लिफ्टच ती, कुठल्या मजल्यावर उघडेल नेम नाही. वीस मुली वर्गात, राजकन्या आहे, परी आहे, घुबड आहे, आणि हिला सावत्र आईच व्हायचंय? पोरं तोंडाने बोलत नाहीत हो. अशीच काहीतरी करून दाखवतात. दोन वर्षं मी हिला अंधारातून बाहेर नेतेय आणि परत आणतेय, आणि ही सगळ्या शाळेसमोर दाखवणार की घरी काय आहे ते. आणि त्या भुवया मीच काढायच्या, माझ्याच हाताने.

खरं सांगू? आज मी पार्लर बंद ठेवणार होते. महिनाभर आधी ठरलं होतं, पहिल्या रांगेत बसायचं. पण काल ते ऐकलं, आणि सकाळी तुमचा फोन आला, तर तोंडातून गेलं, या की. मग सहालाही एकीला बोलावलं. फेशियल. म्हणजे मग जायलाच नको. बाईसाहेबांना सांगायचं, काम आलं गं, बाबा येतील. सकाळपासून तेच घोकतेय मी — काम आलं, बाबा येतील. तुम्हाला पॅकची गरजच नव्हती, त्वचा छान आहे तुमची. मलाच कुणीतरी हवं होतं समोर बसलेलं.

— हं, आलीस? चपला बाहेर. दप्तर तिथे नको, त्या बाईंचे पाय आहेत. नाही, भूत नाही, पॅक आहे. बस त्या खुर्चीवर. बाईसाहेब, ऐक, संध्याकाळी ना मला जरा काम… काय? आधी माझ्या? माझ्या कशाला? अगं नाटक तुझं आहे. थांब. सावकाश बोल, एका वेळी एक.

ऐकलंत? म्हणते, आधी तुझ्या कर, पूर्वीसारख्या, मग त्या बघून माझ्या काढ. म्हणजे शाळेतल्या बाईंना कळेल मी कुणाची नक्कल केली ती. — पण तुला हेच काम का घ्यावंसं वाटलं गं? राजकन्या नव्हती का शिल्लक? … परत सांग. नाही, मला ऐकू आलं. यांना ऐकू दे.

‘वर्गात कुणालाच सावत्र आई नाहीये. मला एकटीलाच आहे.’

असं सांगून भांडून घेतलं म्हणे तिने ते काम. आणखी दोघी हात वर करून होत्या. त्यांना म्हणाली, तुमच्याकडे आहे का? नाही ना, मग गप्प बसा. … आणि? आणि काय? हं. आज मध्येच उठायचं नाही. शू आधी करून यायची. का गं, मी कधी… हो. हो, उठतो आपण. … मला? मला भीती वाटते म्हणून? तू आपली मुकाट्याने यायचीस ती मला भीती वाटते म्हणून? आणि त्या दिवशी दोनदा शू —

बरं. बरं, नाही उठणार. … काय म्हणतेयस? शेवटी ती टॉवरवरून पडते तेव्हा घाबरू नको, बाईंनी खाली गादी टाकलीये.

गादी टाकलीये. बरं केलं.

काही नाही, दोऱ्याची पावडर गेली डोळ्यांत. ताई, वीसची पस्तीस मिनिटं झाली, दगड झाला असेल त्या पॅकचा. बेसिन तिकडे, टॉवेल खुंटीवर, पाणी कोमट करून घ्या आणि चोळू नका. मला आता दोन जोड्या भुवया करायच्यात आणि सहाच्या बाईला नको येऊ म्हणून फोन करायचाय. बोलू नका, काही बोलू नका. जाताना तेवढा दारावरचा बोर्ड उलटा करून जा.